पटकथेत लिहिलेला देश: आफ्रिकान्स सिनेमाचे पहिले लेखक

(या एपिसोडचं हे लिखित रूप. बोलताना जे 'म्हणजे', 'तर' आणि 'ॲक्च्युअली' झालं होतं, ते शक्य तितकं कापलंय. उरलेलं गोड मानून घ्या.)

आजचा विषय ऐकून काही जण म्हणतील, हे काय नवीनच. आफ्रिकान्स सिनेमा? तोही सुरुवातीचा? आणि त्यातही पटकथा? पण थांबा. 'द गॉड्स मस्ट बी क्रेझी' आठवतोय? विमानातून कोकची रिकामी बाटली पडते आणि कालाहारी वाळवंटातल्या एका कुटुंबाचं आयुष्य उलटंपालटं होतं, तो १९८० चा सिनेमा. निदान त्याची एखादी क्लिप तरी तुम्ही पाहिली असेलच. तो लिहिणारा आणि बनवणारा माणूस म्हणजे जेमी आइस. त्याच्या लिखाणाची सुरुवात झाली ती आफ्रिकान्स भाषेतल्या सिनेमातून. आज आपण त्याच्याही मागे जाणार आहोत, थेट १९१६ पर्यंत.

मी दिवसा कोड लिहितो. आमच्या कामात एक गोष्ट रोज दिसते. प्रॉडक्ट कसं वागणार हे बऱ्याचदा पहिल्या डॉक्युमेंटमध्येच ठरतं. कोणाला युजर मानलंय, कोणाला मानलंच नाही, हे तिथेच लिहिलेलं असतं. नंतर कितीही व्हर्जन्स काढा, ते गृहीतक आत बसून राहतं. आफ्रिकान्स सिनेमाचं पहिलं डॉक्युमेंट एका पत्रकाराने लिहिलं, आणि त्या लिखाणाचा परिणाम सिनेमाच्या पडद्यापुरता राहिला नाही.

आधी दोन-तीन शब्द, कारण मला ते फार आवडलेत. आफ्रिकान्समध्ये थिएटरला म्हणतात 'बिओस्कोप'. आपल्या आजोबांचा बायोस्कोप, तोच. सिनेमाला म्हणतात 'रोलप्रेंट', म्हणजे गुंडाळलेलं चित्र. आणि पटकथेला 'द्रायबुक'. 'द्राय' म्हणजे फिरवणे. जुन्या कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवावा लागायचा, म्हणून फिरवण्याचं पुस्तक!

स्पेलिंग ठरायच्या आधीचा सिनेमा

आफ्रिकान्स आली कुठून? १६५२ मध्ये डच ईस्ट इंडिया कंपनीने आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला, केपमध्ये, जहाजांसाठी थांबा उभा केला. तिथे डच वसाहतवाले होते, मूळचे खोइखोइ लोक होते, आणि गुलाम होते. हे गुलाम इंडोनेशिया, मादागास्कर, पूर्व आफ्रिका आणि भारत, म्हणजे बंगाल, कोरोमांडल, मलबार इथून आणलेले. या सगळ्यांच्या तोंडी घोळून डच भाषा बदलली. 'खूप' यासाठीचा आफ्रिकान्स शब्द 'बाइये' हा मलय भाषेतून आला. केळ्याला म्हणतात 'पिसांग', तोही मलय. आणि लोणच्याला म्हणतात 'आचार'. यावर मी वेगळं काय बोलू?

गंमत पुढेच आहे. एकोणिसाव्या शतकात केपमधले मुस्लिम शिक्षक ही भाषा अरबी लिपीत लिहीत होते. अबू बक्र एफेंदी यांचं अशा लिपीतलं धार्मिक पुस्तक १८७७ च्या सुमारास इस्तंबूलमध्ये छापलं गेलं. म्हणजे ही भाषा घडवण्यात गोरे नसलेल्या लोकांचा वाटा मोठा होता. हे लक्षात ठेवा, शेवटी लागणार आहे.

गोऱ्या शिकलेल्या मंडळींना मात्र ही भाषा स्वयंपाकघराची वाटायची. प्रतिष्ठा होती ती इंग्रजीला आणि चर्चमधल्या डचला. मग १८९९ ते १९०२ चं बोअर युद्ध झालं. बोअर म्हणजे डच वंशाचे शेतकरी. ते ब्रिटिशांशी लढले आणि हरले. ब्रिटिशांच्या छळछावण्यांमध्ये हजारो बोअर बायका-मुलं मेली. काळ्या लोकांसाठीही वेगळ्या छावण्या होत्या आणि तिथेही हजारो मेले. त्यांची आठवण मात्र कित्येक दशकं कोणी नीट काढली नाही.

या पराभवानंतर भाषेची चळवळ जोरात आली. तिच्या पुढच्या फळीत होता गुस्ताव प्रेलर. जन्म १८७५, पत्रकार, स्वतः युद्धात लढलेला. १९०५ मध्ये 'दे फोल्क्सस्टेम' या वर्तमानपत्रात त्याने लेखमाला लिहिली. सूर साधारण असा, की आपल्या बोलीबद्दल आता तरी गंभीर होऊ या. पुढच्याच वर्षी त्याचं पीट रेटीफ या बोअर नेत्याचं चरित्र आलं आणि प्रचंड वाचलं गेलं. नंतर तो 'दी ब्रांडवाख' या सचित्र नियतकालिकाचा संपादक झाला. प्रेलरचं लिखाण चित्रासारखं असायचं. बैलगाडीचं चाक कसं होतं, बाईच्या टोपीची झालर कशी होती, बंदुकीत दारू कशी ठासायचे, असं सगळं. आज असा माणूस भेटला तर आपण म्हणू, अरे, तू पटकथा लिही! १९१६ मध्ये तेच झालं.

मालक अमेरिकन, दिग्दर्शक अमेरिकन, लेखक बोअर

आय. डब्ल्यू. श्लेसिंजर हा अमेरिकेत वाढलेला उद्योगपती जोहान्सबर्गमध्ये थिएटरांचा धंदा करत होता. १९१५ मध्ये त्याने 'आफ्रिकन फिल्म प्रॉडक्शन्स' काढली आणि किलार्नी भागात स्टुडिओ उभा केला. लंडनहून हॅरॉल्ड शॉ या अमेरिकन दिग्दर्शकाला बोलावलं. आणि कथेसाठी गाठलं प्रेलरला. सिनेमाचं नाव 'दे फोरट्रेकर्स'.

विषय होता ग्रेट ट्रेक. १८३० च्या दशकात हजारो बोअर कुटुंबं बैलगाड्या घेऊन केपमधली ब्रिटिश सत्ता सोडून आत, उत्तरेकडे निघाली. ब्रिटिशांनी १८३४ मध्ये गुलामगिरी बंद केली, हेही त्यांच्या रागाचं एक मोठं कारण. त्यांचा नेता पीट रेटीफ जमिनीचा करार करायला झुलू राजा डिंगानेकडे गेला. ६ फेब्रुवारी १८३८ ला डिंगानेने रेटीफला आणि त्याच्या माणसांना मारलं. त्याच वर्षी १६ डिसेंबरला न्कोमे नदीकाठी लढाई झाली. बोअर साधारण ४७०, गाड्यांचा गोल कोट करून, बंदुका आणि तोफांसह. समोर हजारो झुलू, भाले घेऊन. तीन हजारांच्या आसपास झुलू मेले. बोअर मेला एकही नाही, जखमी झाले तिघं. बोअरांनी नदीचं नाव ठेवलं रक्तनदी, ब्लड रिव्हर.

आता लेखक म्हणून प्रेलरचा प्रॉब्लेम बघा. या कथेत ट्रेक का निघाला हे सांगायचं तर ब्रिटिशांना खलनायक करावं लागतं. पण साल आहे १९१६. पहिलं महायुद्ध चालू आहे. दक्षिण आफ्रिका ब्रिटिश साम्राज्याचा भाग आहे आणि ब्रिटनच्या बाजूने लढतेय. दोनच वर्षांपूर्वी या प्रश्नावरून बोअरांच्या एका गटाने बंड केलं होतं आणि सरकारने ते मोडलं होतं. आणि श्लेसिंजरला तिकिटं इंग्रजांनाही विकायची आहेत, बोअरांनाही.

मग कथेत ब्रिटिश मागे गेले आणि पुढे आले पोर्तुगीज व्यापारी. ते डिंगानेचे कान भरतात, बोअरांविरुद्ध चिथावतात, आणि म्हणून पुढचं सगळं घडतं. म्हणजे इंग्रजांचा अपमान नाही, बोअरांवर डाग नाही. आणि डिंगाने? राजा म्हणून स्वतः विचार करून, आपल्या जमिनीचा धोका ओळखून तो काही करू शकतो, ही शक्यताच पटकथेतून गेली. तो भडकवला गेलेला क्रूर माणूस उरला.

माझ्यासाठी हा या सगळ्या गोष्टीतला सगळ्यात महत्त्वाचा बदल आहे. कारण १९१० मध्ये जी युनियन ऑफ साउथ आफ्रिका तयार झाली, तिचा राजकीय सौदाही असाच होता. इंग्रज आणि बोअर या दोन गोऱ्या गटांनी भांडण मिटवायचं, आणि हिशेब तिसऱ्याच्या नावावर टाकायचा. १९१३ च्या जमीन कायद्याने काळ्या लोकांना देशातल्या सुमारे सात टक्के जमिनीपुरतं मर्यादित केलं. तीन वर्षांनी सिनेमा आला. कायदा आणि पटकथा, दोन्हींचा आराखडा एकच.

सोबुझा नावाचं पात्र

या पटकथेत एक पात्र आहे, सोबुझा. झुलू योद्धा. मिशनऱ्याच्या संपर्कात येतो, हिंसेपासून दूर होतो, डिंगानेला सोडतो आणि बोअरांशी एकनिष्ठ होतो. शेवटी सिनेमात डिंगानेला मारतो तो हाच. खऱ्या इतिहासात डिंगाने १८४० मध्ये बोअरांपासून दूर, उत्तरेकडे पळून गेल्यावर मारला गेला. पण पटकथेला 'चांगला काळा माणूस' हवा होता, ज्याच्या हातून हिशेब पूर्ण होईल.

शेवटच्या दृश्यात चर्च आहे. आत गोरी मंडळी. सोबुझा धर्म बदललेला, निष्ठा सिद्ध केलेला. आणि त्याची जागा दाराबाहेर. मूकपट आहे, संवाद नाही, कोणी ओरडून काही सांगत नाही. कोण कुठे बसलंय, एवढ्यातच पटकथेने सगळं सांगून टाकलंय.

लढाईच्या दृश्यासाठी जोहान्सबर्गच्या खाणींमधले कामगार हजारोंच्या संख्येने आणले होते. शूटिंग चालू असताना गोरे आणि काळे एक्स्ट्रा यांच्यात खरीच मारामारी झाली आणि पोलिसांना मध्ये पडावं लागलं. खाणीत राबणारा माणूस, सुट्टीच्या दिवशी भाला हातात घेऊन, आपल्याच पूर्वजांचा पराभव कॅमेऱ्यासमोर पुन्हा करून दाखवतोय. त्याला काय वाटलं असेल, हे कोणी लिहून ठेवायची तसदी घेतली नाही.

पण त्याच वर्षी एका काळ्या लेखकाने सिनेमाबद्दल काय म्हटलं, ते मात्र छापलेलं आहे. सॉल प्लाकी. आजच्या एएनसीची पूर्वज संघटना १९१२ मध्ये स्थापन झाली, तिचा पहिला सरचिटणीस. पुढे शेक्सपिअर सेत्स्वाना भाषेत नेणारा. १९१६ मध्ये तो लंडनमध्ये होता आणि शेक्सपिअरच्या गौरवग्रंथात त्याने एक छोटा लेख लिहिला. त्यात तो सांगतो की त्याने ख्रिस्ताच्या जीवनावरचा सिनेमा पाहिला, त्यात सगळी पात्रं गोरी होती आणि एकटा काळा होता तो जूडास. तेव्हापासून सिनेमाच्या खरेपणाबद्दल मला शंका येते, असा त्याचा मुद्दा. आज आपण ज्याला 'रिप्रेझेंटेशन' म्हणतो, त्याच्यावर त्याने शंभर वर्षांपूर्वी बोट ठेवलं होतं.

'दे फोरट्रेकर्स' पहिल्यांदा दाखवला गेला १६ डिसेंबर १९१६ ला, क्रूगर्सडॉर्पमध्ये. लढाईचा वाढदिवस. पाट्या इंग्रजी आणि डचमध्ये. डच का? कारण आफ्रिकान्सची शुद्धलेखनाची अधिकृत यादी आली १९१७ मध्ये. म्हणजे बोअरांचा महाकाव्यासारखा सिनेमा त्यांच्या भाषेच्या स्पेलिंगपेक्षा एक वर्षाने मोठा!

पुढे कित्येक वर्षं १६ डिसेंबरच्या कार्यक्रमांमध्ये हा सिनेमा दाखवला जात राहिला. १९३८ मध्ये ग्रेट ट्रेकची शंभर वर्षं साजरी झाली. बैलगाड्या केपटाउनहून प्रिटोरियाकडे निघाल्या, पुरुषांनी दाढ्या वाढवल्या, बायकांनी झालरीच्या टोप्या शिवून घेतल्या. पूर्वज कसे दिसत होते हे त्यांना कुठून कळलं? बऱ्याच अंशी प्रेलरच्या पुस्तकांतून आणि या सिनेमातून. पटकथेचे कपडे लोकांनी इतिहास म्हणून अंगावर घातले.

बोलपट आला, आणि अहमदनगर

आता १९३१. जोसेफ आल्ब्रेख्त या दिग्दर्शकाने 'सारी मराय' बनवला, आफ्रिकान्समधला पहिला बोलपट. जेमतेम दहा मिनिटांचा. ब्रिटिशांच्या युद्धकैदी छावणीत बोअर कैदी बसलेत. एक जण एक जुनं लोकप्रिय गाणं म्हणायला लागतो, हळूहळू बाकीचेही सूर मिळवतात. बस, एवढीच गोष्ट.

इथे आपलं नातं लागतं. बोअर युद्धातले हजारो कैदी ब्रिटिशांनी समुद्रापार पाठवले होते. सेंट हेलेना, बर्म्युडा, सिलोन आणि भारत. भारतातल्या छावण्यांपैकी एक होती आपल्या अहमदनगरला. हा सिनेमा नगरची गोष्ट सांगत नाही, ते स्पष्ट करतो. पण घरापासून हजारो मैलांवर, काटेरी तारेच्या आत आपल्या भाषेत गाणारे बोअर ही नुसती कल्पना नव्हती. त्यांतले काही नगरच्या उन्हात बसलेले होते.

लिखाणाच्या दृष्टीने हा सिनेमा हुशार आहे. १९२५ मध्ये आफ्रिकान्सला संसदेने अधिकृत दर्जा दिला होता. संपूर्ण बायबल आफ्रिकान्समध्ये यायला अजून दोन वर्षं होती, ते आलं १९३३ ला. लोक ही भाषा घरात बोलत होते, पण पडद्यावरून ती कधीच ऐकली नव्हती. अशा वेळी प्लॉटची गरजच काय? आपली भाषा मोठ्या आवाजात ऐकू येणे, हाच प्लॉट. आपल्याकडे पहिले बोलपट पाहणाऱ्यांना जे वाटलं असेल, तेच.

त्याच वर्षी आल्ब्रेख्तचाच 'मुदर्की' आला. अर्थ, छोटी आई किंवा 'आईगं' म्हणताना येतो तसा जिव्हाळा. हा ग्रोसकॉफ यांच्या 'इन दी वाखकामर' या नाटकावरून घेतलेला. 'वाखकामर' म्हणजे वेटिंग रूम. रक्तनदी आणि राजे गेले, आता पटकथेत गरीब माणूस आला. आणि तो खरा होता. १९३२ च्या कार्नेगी आयोगाच्या अहवालानुसार सुमारे तीन लाख गोरे अत्यंत गरिबीत जगत होते. शेती बुडाली, दुष्काळ पडला, माणसं जोहान्सबर्गला आली. पुढची तीसेक वर्षं आफ्रिकान्स पटकथांचा ठरलेला सांगाडा इथूनच येतो. शेत म्हणजे पवित्र, शहर म्हणजे मोह, आणि बाहेरचा माणूस म्हणजे संकट.

हे वाचताना मला सारखं वाटत होतं, हा सांगाडा आपल्याला अनोळखी नाही. फरक एवढाच, की तिथे त्या शेतावर खरंच राबणारे हात काळे होते आणि ते फ्रेमच्या कडेला उभे असायचे.

चळवळवाला आणि मास्तर

१९४० च्या आसपास हान्स रोम्पेल हा समीक्षक पुढे आला. त्याचं म्हणणं, हॉलीवूड आपल्या पोरांना बिघडवतंय, आपला सिनेमा आपणच केला पाहिजे. त्याने हौशी लोकांची रोलप्रेंट संघटना उभी केली आणि १९४२ मध्ये 'लोकांच्या सेवेत बायोस्कोप' अशा अर्थाच्या नावाचं पुस्तक लिहिलं. फक्त 'लोक' या शब्दात कोण येतं, ते मात्र त्याने आधीच ठरवलेलं होतं. आफ्रिकान्स बोलणारे गोरे. सिनेमे थोडेच निघाले आणि प्रेक्षक काही गर्दी करून आले नाहीत. उपदेश ऐकायला तिकीट कोण काढणार?

प्रेक्षक आणले ते विनोदाने. पीअर द वेटने १९४९ मध्ये 'कोम साम फानांद', म्हणजे 'आज संध्याकाळी चल सोबत', हा गाण्यांचा सिनेमा काढला. आल डेबो हा विनोदी नट घराघरात पोहोचला.

आणि १९५१ मध्ये आला आपला जेमी आइस. पूर्वी शाळामास्तर. छोटा १६ मिलिमीटरचा कॅमेरा, स्वतः लेखक, स्वतः दिग्दर्शक, स्वतः नट, सोबत पत्नी हेटी. सिनेमाचं नाव 'दार दूर इन दी बॉसफेल्ट'. यातल्या 'दूर'चा अर्थ आपल्या 'दूर'च्या अगदी जवळ जातो. तिकडे लांब, रानात. निव्वळ योगायोग, पण मी ऐकून खूश झालो.

आइसची पटकथा म्हणजे साधा, लाजरा, धडपडणारा माणूस आणि त्याची होणारी फजिती. १९५३ च्या 'फिफ्टी-फेफ्तिख' मध्ये त्याने इंग्रज आणि आफ्रिकानर यांच्यातल्या कुरबुरीवर हसवलं. नावही अर्धं इंग्रजी, अर्धं आफ्रिकान्स. बघा, १९१६ ला दोन गोऱ्या गटांचं भांडण पोर्तुगिजांवर ढकलून मिटवलं होतं, इथे ते हसण्यावारी नेलं. लिहिण्याचा दर्जा सुधारला, माणसं खरी वाटायला लागली. पण गृहीतक तेच: कथा या दोघांची. १९४८ मध्ये नॅशनल पार्टी सत्तेत आली होती, एकामागून एक वर्णभेदाचे कायदे होत होते, आणि पडद्यावर रानातली हलकीफुलकी प्रेमकथा चालू होती. १९५६ पासून सरकारी अनुदान सुरू झालं. तिकीटबारीवर जितकी कमाई, त्या प्रमाणात अनुदान. मग लेखक धोका कशाला पत्करेल?

कापलेला प्रश्न

एका सिनेमाने पत्करला. १९६८, 'दी कांडिडाट'. दिग्दर्शक यान्स राउटनबाख, निर्माता एमिल नोफाल. कथा जवळजवळ सगळी एका बैठकीत घडते. आफ्रिकानर संस्थेच्या प्रमुखपदासाठी उमेदवाराची चौकशी चाललीय. आणि बोलता बोलता प्रश्न निघतो: आफ्रिकानर म्हणजे नेमका कोण? जो मिश्रवंशीय 'कलर्ड' माणूस हीच भाषा बोलतो, त्याच चर्चचा धर्म मानतो, तो आफ्रिकानर का नाही?

सेन्सॉरने नेमकी तीच वाक्यं कापली.

आता सुरुवातीची गोष्ट आठवा. अरबी लिपीत लिहिली जाणारी भाषा, मलय केळी, 'आचार'. ही भाषा ज्यांच्या जिभेवर घडली, त्यांना तिच्या सिनेमात बावन्न वर्षं दाराबाहेर बसवलं होतं, सोबुझासारखं. शेवटी एका लेखकाने दार वाजवलं, तर सेन्सॉरने आवाजच म्यूट केला. आज आफ्रिकान्स मातृभाषा असलेल्यांमध्ये निम्म्याहून जास्त लोक गोरे नाहीत.

१६ डिसेंबरचं काय झालं, तेही सांगतो. १९६१ मध्ये मुद्दाम हाच दिवस निवडून एएनसीच्या सशस्त्र शाखेने आपली लढाई सुरू केली. आणि वर्णभेद संपल्यावर, १९९५ पासून, हा दिवस सलोख्याचा दिवस म्हणून पाळला जातो. सुट्टी तीच ठेवली, अर्थ बदलला. न्कोमे नदीच्या एका काठावर बोअरांच्या गाड्यांचं स्मारक आहे, दुसऱ्या काठावर झुलूंची बाजू सांगणारं संग्रहालय.

मला प्रेलर खोटारडा वाटत नाही. त्याला आपल्या हरलेल्या लोकांना ताठ मानेने उभं करायचं होतं, आणि ती तळमळ खरी होती. पण तळमळ खरी असली म्हणून गोष्ट खरी होत नाही. पुढच्या वेळी मोठ्या पडद्यावर कोणताही ऐतिहासिक सिनेमा बघाल, मग तो कुठल्याही भाषेतला असो, तेव्हा दोनच गोष्टी तपासा. भांडणाचा दोष कोणावर ढकललाय? आणि शेवटच्या फ्रेममध्ये दाराबाहेर कोण बसलंय? नायकाच्या एंट्रीला शिट्टी जरूर मारा, पण हेही बघा.

आजच्यापुरतं एवढंच. एपिसोड आवडला तर तुमच्या सिनेमावेड्या मित्राला पाठवा, आणि नगरचं कोणी ऐकत असेल तर तिथल्या बोअर कैद्यांबद्दल घरात काही ऐकलं असल्यास मला नक्की कळवा. भेटू पुढच्या रविवारी.